घोळक्याचं शेपूट

स्पेनमधल्या आमच्या तोलेदोत गाईड पुष्कळ आहेत, पण कासिल्दासारखं चालणारी एकच. पाठ ताठ, मिटलेली निळी छत्री डोक्याच्या वर धरलेली, आणि चढ असो की उतार, पावलांचा वेग तोच. सोकोदोवेर चौकातून माणसं घ्यायची, कॅथेड्रलवरून, ज्यू लोकांच्या जुन्या आळीतून फिरवत त्यांना खाली सान मार्तीनच्या पुलावर आणून सोडायचं, हे काम ती तरुणपणापासून करत आली होती. कुठल्या चर्चच्या भिंतीत कुठल्या मशिदीची वीट आहे, कुठला दरवाजा कुठल्या राजाने बांधला आणि कुठल्याने पाडला, हे तिला झोपेतून उठवून विचारलं तरी बिनचूक सांगता आलं असतं. चूक तिला सहन होत नसे. दुसऱ्याची तर मुळीच नाही. चौकातल्या गोयोच्या बारमध्ये एका जुन्या फोटोखाली चुकीचं साल लिहिलेलं होतं. कासिल्दाने ते स्वतःच्या पेनने खोडून बरोबर लिहिलं. गोयोने त्या रागात आठवडाभर तिला कॉफीबरोबर बिस्कीट दिलं नाही.

तिचा नवरा इलारियो मार्झिपानच्या कारखान्यात होता. बदाम आणि साखर मळून त्याची चंद्रकोर करायची, चिमण्या करायच्या, नाताळात वेटोळं घातलेल्या मोठ्या वामी, म्हणजे सापासारखे लांब मासे, करायच्या, त्यांना खवले काढायचे, डोळे लावायचे. उभं आयुष्य त्याने भिंतीकडे तोंड करून एका संगमरवरी टेबलापाशी काढलं. बोलायचा कमी. म्हणजे किती कमी, तर शेजारपाजारची माणसं कासिल्दाला म्हणत, तुमच्या घरात बोलण्याची वाटणी बरोबर झालेली नाही. घरी आला की "आलो" म्हणायचा, जाताना "जातो" म्हणायचा, जेवताना मीठ मागायचा. त्यांना मूलबाळ नव्हतं. एक मुलगी झाली होती, लग्नानंतर लवकरच, एका डिसेंबरात. ती जन्मली आणि गेली. त्यानंतर काही झालं नाही, आणि त्या विषयावर त्या घरात कोणी काही बोललंही नाही.

इलारियो निवृत्त झाला तसा खिडकीशी बसायला लागला. सकाळी खिडकी, दुपारी खिडकी. कासिल्दा कामावरून येई तेव्हा तो त्याच खुर्चीत, त्याच बाजूला मान वळवलेला. तिला ते बघवेना. त्यातच एकदा तिच्या घोळक्यातला एक म्हातारा कॅथेड्रलच्या मागच्या बोळांत हरवला आणि दुपारभर शोधाशोध झाली. तेव्हा तिच्या मनात आलं, या माणसाला घोळक्याच्या शेवटी का चालवू नये? धापा टाकणाऱ्यांना हात देईल, पाण्याची बाटली धरेल, कोणी मागे राहिलं तर हाकेल. इलारियोने खांदे उडवले आणि टोपी घातली. ही युक्ती तिची स्वतःची होती, ही गोष्ट तिला पुढे फार टोचली.

सुरुवातीला सगळं ठीक चाललं. कासिल्दा पुढे, माईक कॉलरला लावलेला. पाहुण्यांच्या कानांत छोटी यंत्रं, त्यांतून तिचा आवाज प्रत्येकाला सारखा पोचायचा. इलारियो सगळ्यांत मागे, हात पाठीशी बांधून. पण थोड्याच दिवसांत तिच्या लक्षात आलं की घोळक्याचा आकार बदलतोय. पूर्वी माणसं तिच्याभोवती दाटीने उभी राहायची, आता पुढे चार-पाच उत्साही मंडळी आणि मागे लांबच लांब शेपूट. ती थांबली की शेपूट लांबच थांबायचं. मागून हसण्याचा आवाज यायचा. तिने एकदा चर्चच्या पायरीवर चढून नीट पाहिलं. मागच्या सगळ्यांनी कानांतली यंत्रं काढली होती. ती त्यांच्या गळ्यांत लोंबत होती. सगळ्यांच्या माना इलारियोकडे वळलेल्या, आणि इलारियो, तिचा इलारियो, हातवारे करून काहीतरी सांगत होता.

तिने त्या रात्री जेवताना विचारलं, काय सांगतोस त्यांना. तो म्हणाला, काही नाही, असंच. आणि मीठ मागितलं.

मग तिने डाव टाकायला सुरुवात केली. मधेच मागे वळून शेपटापर्यंत चालत जायची, काहीतरी निमित्त काढून. ती जवळ आली की इलारियो गप्प व्हायचा. नुसता तोच नाही, सगळेच. वर्गात मास्तरीण शिरावी तशी माणसं चपापून सरळ उभी राहायची आणि कोणीतरी घाईघाईने यंत्र कानात घालायचं. ती पुढे गेली की मागे पुन्हा कुजबुज, पुन्हा हसू. घोळक्यापुढे ती सालं सांगत राहायची, पण तिचे कान मागे लागलेले असत. एकदा तर तिने एका राजाला त्याच्या बापाच्या आधी मारलं. कोणाच्या लक्षातही आलं नाही, आणि तेच तिला जास्त लागलं.

गोयोने त्यात तेल ओतलं. फेरी झाली की ती त्याच्याकडे एक छोटी बिअर घेई. तर हा मोबाईल काढून म्हणाला, तुझ्याबद्दल कोणीतरी लिहिलंय, ऐक. आणि मोठ्याने वाचलं: "बाईंना माहिती फार आहे. पण जाल तर शेवटी चाला, त्यांच्या नवऱ्याजवळ. आम्ही पोट धरून हसलो."

"इलारियो हसवतो?" गोयो म्हणाला. "आपला इलारियो? माझ्याकडे चाळीस वर्षं येतोय. मला वाटायचं, त्याला जीभ फक्त कॉफी चाखायला दिलीय."

कासिल्दाने बिअर अर्धी तशीच ठेवली. कामाचं दुःख एक होतंच. इतकी वर्षं घासून घासून कमावलेली जागा, आणि परीक्षा न दिलेला, परवाना नसलेला माणूस मागून येऊन ती घेतो. पण त्याच्याखाली दुसरं होतं आणि ते जास्त जळत होतं. एवढं बोलणं या माणसात होतं, तर ते घरात कधी का निघालं नाही? सत्तर ठिकाणांहून आलेल्या अनोळखी बायकांसाठी शब्द आहेत, हसू आहे, हातवारे आहेत, आणि तिच्यासाठी मीठ.

ऑक्टोबरात थंडी सुरू झाली आणि कासिल्दाचा आवाज बसला. सकाळी उठली तर घशातून नुसती हवा. फेरी ठरलेली होती, चौकात माणसं उभी होती, दुसरा गाईड मिळेना. तिने खुणेने इलारियोला समजावलं की आज माईक तू घे, मी मागे चालते. तो घाबरला. तिने माईक त्याच्या कॉलरला लावला तेव्हा त्याची मान घामाने ओली होती. तिने हाताने गळा दाखवला, माणसं हसली, आणि घोळका निघाला.

आयुष्यात पहिल्यांदा ती शेवटी चालत होती. तिथून सगळं वेगळंच दिसत होतं, नुसत्या पाठी आणि बुटांच्या टाचा. तिच्याजवळ यंत्र नव्हतं. तिच्या पुढे सारागोसाहून आलेली एक जाडजूड बाई होती, गुडघे दुखत असल्याने मागे रेंगाळणारी. तिच्या नवऱ्याने चालायचं नाकारून बार गाठला होता, म्हणून तिच्याकडे एक जास्तीचं यंत्र होतं. ते तिने कासिल्दाच्या हातात ठेवलं आणि म्हणाली, घ्या, तुम्ही पण ऐका, तुमचे यजमान छान बोलतात असं म्हणतात.

कासिल्दाने यंत्र कानात घातलं. इलारियोचा आवाज तिच्या कानाच्या आत सुरू झाला, इतक्या जवळून, की ती दचकली. इतक्या जवळून तो तिच्याशी कधी बोलला असेल, तर त्याला जमाना झाला होता.

आधी तिला राग येत गेला. कारण तो खोटं सांगत होता. सगळंच नाही, पण बरंच. सान्तो तोमे चर्चच्या पुढच्या बोळात एक जुनं दार आहे. दारावर ठोठावायच्या दोन कड्या, वरची घोडेस्वारासाठी, खालची पायी आलेल्यासाठी. इथवर बरोबर होतं. पण अगदी खाली तिसरी एक कडी आहे, तिच्याबद्दल इलारियो सांगत होता की त्या घरात एक मुलगी होती. तिचा हात कडीला पोचेना म्हणून ती दारात उभी राहून रडायची. म्हणून बापाने तिच्या उंचीची कडी बसवली. ती वाढली तशी तो दर वाढदिवसाला ती काढून थोडी वर बसवायचा, ही बघा वर गेलेली भोकं. मग एका वर्षी त्याने कडी पुन्हा सगळ्यांत खाली आणून ठेवली, तिला मूल झालं तेव्हा. माणसं वाकून भोकांना बोटं लावत होती. कासिल्दाला ओरडावंसं वाटलं की ती खेचर बांधायची कडी आहे आणि भोकं जुन्या कुलपाची आहेत. पण घशातून हवेशिवाय काही निघेना.

असं करत घोळका सान मार्तीनच्या पुलावर आला. इथे ती नेहमी पुलाची दंतकथा सांगे. पूल बांधणाऱ्याचा हिशेब चुकला होता, आधाराची लाकडं काढली की कमान कोसळणार होती. त्याच्या बायकोने रात्री जाऊन लाकडांना आग लावली, सगळं जळालं, आणि नवऱ्याची अब्रू वाचून त्याला पूल नव्याने बांधता आला. इलारियोने तीच सुरू केली. मधेच म्हणाला, माझी बायको असती तर तिने आग लावली नसती, नवऱ्याला हिशेब पुन्हा करायला बसवलं असतं. सगळे हसले. सारागोसाची बाई वळून कासिल्दाकडे बघत हसली. कासिल्दाही हसली, दात आवळून.

मग तो कठड्याशी जाऊन उभा राहिला. खाली ताहो नदी मातकट वाहत होती. कोणीतरी विचारलं, तुम्ही या पुलावर लहानपणापासून येत असाल ना. त्याने कठड्यावर दोन्ही हात टेकले. मग तिच्या कानात त्याचा आवाज आला, हसण्याचा सूर गेलेला.

"येतो. पण एकदाचं येणं लक्षात आहे. डिसेंबर होता. आम्हाला मुलगी झाली आणि लगेच गेली. बायको दवाखान्यात होती. दुसऱ्या दिवशी मी कामावर गेलो. सगळ्यांना सांगितलं, नाताळची गर्दी आहे, मालक सोडत नाही. मालकाने जा म्हटलं होतं. मलाच घरी जाववेना, तिथे पाळणा होता. टेबलापाशी उभा राहिलो, हात आपोआप वामी करत राहिले. त्यात एक केली, करंगळीएवढी. खवले काढले, डोळे लावले. संध्याकाळी इथे आलो आणि पाण्यात सोडली. वेडेपणाच. लगेच विरघळली असणार."

सारागोसाची बाई गुडघे विसरून पुढे गेली आणि तिने इलारियोला छातीशी धरलं. तिच्या खांद्यावर त्याची टोपी वाकडी झाली. आणखी एक बाई डोळे पुसत होती. कासिल्दा शेवटी उभी होती, कानात यंत्र, आणि तिथे आता नुसता त्याचा कोट त्या बाईच्या कोटावर घासल्याचा खरखराट येत होता.

त्या दिवशी तो कामावर गेला होता, हे तिने त्याला कधी माफ केलं नव्हतं. रात्री तो दवाखान्यात आला तेव्हा त्याच्या नखांत साखर होती आणि अंगाला बदामाचा वास. त्या वासाने तिला उलटी झाली होती, आणि तेव्हापासून तिने मार्झिपान तोंडात घातलं नव्हतं. मुलगी गेली आणि हा वामी करत बसला, एवढंच तिने मनात ठेवलं होतं. आता तिला खरं कळलं होतं. खरं म्हणजे रडू यायला हवं होतं, आणि ते येतही होतं. पण त्याच्या आधी, त्याच्याहून जोरात, दुसरं काहीतरी वर आलं. हे माझं होतं. पहिल्यांदा मला मिळायला हवं होतं. ते या बाईला मिळालं, जी उद्या सारागोसाला जाऊन शेजारणीला सांगेल.

तिने यंत्र काढून खिशात टाकलं. इलारियोला ती काही बोलली नाही. आवाज नव्हता हे निमित्त तिला पुरलं. आवाज परत आल्यावर तिने एवढंच सांगितलं की उद्यापासून तू यायची गरज नाही, माझं मी बघते. त्याने कारण विचारलं नाही. टोपी खुंटीला लावली आणि खिडकीशी बसला.

आता निएवेसबद्दल सांगायला हवं. निएवेस ही कासिल्दापेक्षा दहा-बारा वर्षांनी लहान गाईड. हे काम तिला कासिल्दानेच शिकवलं होतं. नारिंगी छत्री, मोठ्याने हसणं, आणि पाहुण्यांना पहिल्या वळणावरच गळ्यात पडून बोलणं. गोयोच्या बारमध्ये तिला कळलं की इलारियो मोकळा झालाय. तिने सरळ त्याला गाठलं आणि म्हणाली, माझ्या मागे चला, मला चालेल. इलारियोने घरी येऊन सांगितलं, निएवेसने बोलावलंय. कासिल्दा बटाटे सोलत होती. ती म्हणाली, जा. तिला वाटलं, तो जाणार नाही. तो गेला.

पुढचे दिवस तिने कसे काढले ते तिलाच माहीत. गाव एवढंसं, गल्ल्या एकमेकींवर चढलेल्या. कुठे ना कुठे दोन घोळके समोरासमोर येतच. ती वरच्या रस्त्याने जात असली की खालच्या बोळात नारिंगी छत्री दिसायची आणि छत्रीच्या मागे ती टोपी. एकदा चढावर निएवेसने त्याचा दंड धरला होता आणि तो तिला काहीतरी सांगत होता, मान तिच्याकडे झुकवून. कासिल्दाच्या तोंडातलं वाक्य अर्धं राहिलं. तिच्या पाहुण्यांनी खाली वाकून पाहिलं, काय आहे ते. संध्याकाळी निएवेस भेटली तेव्हा म्हणाली, तुझा नवरा म्हणजे खजिना आहे गं, कुठे दडवून ठेवला होतास? कासिल्दा म्हणाली, दडवलं नव्हतं, तोच दडून बसला होता. आणि पुढे चालू लागली.

मग तो दिवस आला. ती आपला घोळका घेऊन सान्तो तोमेच्या पुढच्या त्याच बोळात शिरली. बोळ इतका अरुंद की दोन माणसं शेजारी चालली तर भिंतीला खांदे घासतात. पुढे निएवेसचा घोळका दारापाशी थांबलेला, आणि इलारियो वाकून तिसरी कडी हातात धरून त्या मुलीची गोष्ट सांगत होता. तिने थोडं थांबून त्यांना जाऊ दिलं असतं तर चाललं असतं. ती थांबली नाही. माईक चालू होता, छत्री वर होती. ती सरळ त्यांच्यात घुसली आणि खणखणीत आवाजात आपल्या आणि त्यांच्या सगळ्या माणसांना म्हणाली, "ही खेचर बांधायची कडी आहे. वरची भोकं कुलपाची आहेत. या घरात अशी कोणतीही मुलगी नव्हती."

कोणीतरी फिसकन हसलं. एका माणसाने इलारियोकडे बघून भुवया उंचावल्या, चोरी पकडल्यासारखं. इलारियोने कडी सोडली. ती दारावर आपटून वाजली. त्याने कासिल्दाकडे पाहिलं, रागाने नाही. मग म्हणाला, "हो. नव्हती." टोपी काढली, पुन्हा घातली, आणि भिंतीला पाठ घासत माणसांच्या मधून बोळाबाहेर निघून गेला. निएवेसने कासिल्दाला त्यानंतर तोंडभर शिव्या दिल्या, पण त्या कासिल्दाला ऐकू आल्या नाहीत. ती कडीकडे बघत होती. त्या कडीत एवढी वर्षं तिला नुसतं खेचर दिसत होतं. कोणाची मुलगी दर वर्षी वाढत होती, हे तिला आत्ता कळलं.

इलारियो त्यानंतर कोणाच्याच मागे गेला नाही. पुन्हा खिडकी. आता तो मीठही मागेना, उठून स्वतः घ्यायचा. कासिल्दाला जे हवं होतं ते मिळालं होतं. घोळका पुन्हा तिच्याभोवती दाटीने उभा राहत होता, सगळ्यांच्या कानांत यंत्रं होती, मागून हसण्याचा आवाज येत नव्हता. आणि तिला सोकोदोवेरहून पुलापर्यंतचा रस्ता कधी नव्हे इतका लांब वाटायला लागला. पुलावर आली की ती बायकोने लावलेल्या आगीची गोष्ट भराभर उरकायची आणि पाण्याकडे न बघता माणसांना निरोप द्यायची.

एका सोमवारी, फेरी नव्हती त्या दिवशी, तिने मसूर शिजायला टाकले, हात पुसले आणि त्याच्या समोर खुर्ची ओढून बसली.

"तू त्यांना सांगितलंस," ती म्हणाली. "मला नाही."

त्याला कळायला वेळ लागला. "तुला ऐकू आलं होतं?"

"कानात यंत्र होतं माझ्या."

तो टेबलावरचे पावाचे कण बोटाने गोळा करत राहिला. "तू कधी विचारलं नाहीस."

"काय विचारणार होते? तू कामावर गेलास."

"हो."

"मग आता सांग. त्यांना सांगितलंस तसं."

"इथे?"

"मग कुठे?"

इलारियोने कण हातावर घेतले आणि बशीत टाकले. म्हणाला, टेबलापाशी मला जमत नाही. तू समोर बसलीस की परीक्षेला बसल्यासारखं होतं, तोंड उघडायच्या आधीच चूक दिसते मला तुझ्या डोळ्यांत. चालताना माणूस पुढे बघतो. तेव्हा येतं आपोआप. त्याच्या मानाने हे फार मोठं भाषण होतं.

कासिल्दाने मसुराखालचा गॅस बंद केला. कोट घातला. छत्री घेतली नाही.

ते सोकोदोवेरपासूनच निघाले, कारण तिला दुसरीकडून चालायला सुरुवात करता येत नाही. सोमवारी गाव रिकामं होतं. कॅथेड्रलच्या बाजूने उतरताना इलारियो हळूहळू सुरू झाला. या कोपऱ्यावर कोळशाचं दुकान होतं. त्या खिडकीत एक बाई पोपटाला शिव्या शिकवायची आणि मग पाद्री येताना पाहिला की त्याच्यावर रुमाल टाकायची. कासिल्दा जीभ दातांखाली धरून ऐकत होती. एका ठिकाणी तो म्हणाला, हे घर माझ्या आजोबांच्या वेळी जळालं, आणि तिच्या तोंडून निघून गेलंच की तेव्हा नाही, त्याच्या कितीतरी आधी. तो थांबला. दोन वळणं तो काही बोलला नाही. तिने त्या दोन वळणांत जेवढा पश्चात्ताप केला तेवढा उभ्या आयुष्यात केला नसेल. मग त्याने आपणहून पुन्हा सुरू केलं, आणि तिने पुढे त्याला एकदाही अडवलं नाही. शेजारी चालणाऱ्या माणसाचा चेहरा दिसत नाही हे तिच्याही लक्षात आलं. त्याचा नुसता आवाज येतो, आणि आपल्याही चेहऱ्याची काळजी करावी लागत नाही.

पुलावर त्याने पुन्हा सांगितलं. लोकांना सांगितलं तसं नाही, तुटक तुटक, मधे मधे थांबत. काही गोष्टी त्यांना सांगितल्या नव्हत्या. ती छोटी वाम त्याने रुमालात गुंडाळून आणली होती, आणि रुमालही पाण्यातच गेला. आणि तो दवाखान्यात आला तेव्हा सांगणारच होता, पण ती भिंतीकडे तोंड करून पडली होती.

"मला वास आला होता," ती म्हणाली. "बदामाचा."

"मला कळलं होतं."

नदीवर वारा होता. तो म्हणाला, "मी तिला एक नाव ठेवलं होतं. मनात."

"मीही."

"काय?"

"तू आधी सांग."

"पालोमा."

कासिल्दा त्याच्याकडे वळली. "कबुतर?"

"पांढरं कबुतर," तो म्हणाला. "तुझं काय होतं?"

"लेओकादिया. त्याच आठवड्यात तिचा सण असतो. गावची संत आहे."

"लेओकादिया," त्याने म्हणून पाहिलं. "शाळेत पोरांनी छळलं असतं तिला."

"आणि कबुतराला काय सोडलं असतं? दाणे टाकले असते."

त्यावरून त्यांचं भांडण झालं, पुलाच्या मधोमध, चांगलं जोरात. दोघांपैकी कोणीही मागे हटायला तयार नव्हतं. तो म्हणाला, लेओकादिया हे म्हाताऱ्या आत्याचं नाव असतं. ती म्हणाली, तुझी आत्याच तशी होती म्हणून. सायकलवरून जाणारा एक माणूस वेग कमी करून बघून गेला. भांडता भांडता कासिल्दाला हुंदका आला आणि इलारियोने तिचं डोकं आपल्या खांद्याशी ओढलं. त्याच्या अंगाला आता बदामाचा वास येत नव्हता, कपड्यांच्या साबणाचा येत होता. नावाचा निकाल मात्र लागला नाही, आजपर्यंत लागलेला नाही.

परत चढ चढताना तिने त्याला विचारलं, येशील का पुन्हा, मागे चालायला. आणि एक अट घातली, पुलावरची ती गोष्ट कोणाला सांगायची नाही. बाकी काय खोटं सांगायचं ते सांग, मी तोंड उघडणार नाही, निदान बोळात तरी नाही. निएवेसची माफी तिने नंतर मागितली, थोडक्यात आणि कोरड्या आवाजात. इलारियो म्हणाला, येईन.

वरच्या वळणावर पोर्तुगालचं एक जोडपं नकाशा उलटा-सुलटा करत उभं होतं. बाई तरुण होती, देखणी होती. तिने ज्यू लोकांच्या आळीचा रस्ता विचारला. इलारियोने हात वर करून रस्ता दाखवला, आणि हात तसाच ठेवून म्हणाला, तिथे डाव्या हाताला एक घर लागेल, त्या घरातल्या माणसाची बायको फार उंच होती. बाई हसली आणि नकाशा घडी करून त्याच्या जवळ सरकली. नवराही सरकला. इलारियोचे हात हलायला लागले.

कासिल्दा चार पावलांवर उभी राहिली. आत्ता थोड्या वेळापूर्वी पुलावर इतकं झालं होतं, तरी तिची कानशिलं तापली. ही गोष्ट तिने ऐकलेली नव्हती. उंच बायकोची गोष्ट. ती त्या पोर्तुगीज पोरीला का मिळावी? तिने कोटाचं वरचं बटण लावलं, काढलं. मग तिच्याने राहवेना.

"चल," ती म्हणाली. "मसूर अर्धे शिजलेत."

इलारियोने तिच्याकडे पाहिलं. मग त्या दोघांना म्हणाला की रस्ता सरळ आहे, चुकणार नाही, आणि गोष्ट तिथेच अर्धी सोडून चालू लागला. ती दोघं नकाशा हातात धरून त्याच्या पाठीकडे बघत राहिली. कासिल्दाला झालेला आनंद एवढा होता की तिला त्याची लाज वाटली, आणि तिने तो चेहऱ्यावर दिसू नये म्हणून समोर बघत, जरा भराभर चालायला सुरुवात केली.

"मग," दाराची किल्ली शोधताना ती म्हणाली, "उंच होती, आणि काय झालं पुढे?"